शेवटच्या पानावरच्या दोन ओळी

४ जानेवारी

ठकू,

अत्यंत जड अंतःकरणाने आणि ओल्या कमरेने हे पत्र लिहिते आहे. नाताळच्या सुट्टीत तू चार दिवस राहून गेलीस, आम्हाला आनंद झाला, वगैरे वगैरे. पण जाताना माझ्या गरम पाण्याच्या पिशवीचं बूच तू तुझ्या पिशवीला लावून नेलंस आणि तुझं मला ठेवून गेलीस. हा आरोप मी पुराव्यानिशी करते आहे. तुझं बूच माझ्या पिशवीला तीन वेढे बसतं आणि चौथ्याला रुसतं. परिणामी रविवारी दुपारी मी कंबर शेकायला आडवी झाले ती शेकून नव्हे, भिजून उठले. त्रेपन्न वर्षांच्या बाईने ओली चादर दोरीवर वाळत घातली की शेजारच्या गच्चीवरून कोणत्या नजरेने पाहतात, याची तुला कल्पना नाही. निवृत्त पोस्टमास्तर तर म्हणाले, "काय, नातवंडं आलीत का राहायला?" लग्नच केलेलं नाही, नातवंडं कुठून आणू?

बाकी छापखाना ठीक. माझे डोळे ठीक नाहीत, पण मुद्रितशोधकाचे डोळे ठीक असले तर संशय घ्यावा.

बूच ताबडतोब पाठव. तुझ्या घड्याळवाल्यांना नमस्कार.

ताई

---

११ जानेवारी

प्रिय ताई,

आधी बुचाचा निकाल लावते. बूच माझं आहे. आतली रबराची चकती मी स्वतः कापून बसवली होती, तुझ्या त्या जुनाट पिशवीला चकती होती कधी? कोर्टात जायचं तर जा. शिवाय आत्ता मी ते देऊ शकत नाही, कारण मला लागतंय.

हसू नकोस. पाळी आली. जरा उशिरा आली, पण आली, आणि अशी आली की काय सांगू. दुकानात लग्नसराईचा हंगाम, कापायच्या टेबलाशी मी दिवसभर उभी, आणि माझी एकटीची धावपळ. पण खरं सांगू? बरं वाटलं. तू गेल्या तीन वर्षांपासून 'सुटले बाई' म्हणून मिरवतेस, मला मात्र अजून सुटायचं नाहीये. शिलाईच्या मशीनवरच्या पोरींना मी मुद्दाम ऐकू जाईल असं म्हटलं, "आज मला जड काम सांगू नका गं." एक जण दुसरीला म्हणते, "मावशी अजून आपल्यातच आहेत की!" दिवसभर मी त्या वाक्यावर जगले.

ह्यांना सांगितलं. डोळ्याला भिंग लावून बसले होते, मान वर न करता म्हणाले, "बंद पडलेलं घड्याळ आपोआप चालायला लागलं तर खूश व्हायचं नसतं. उघडून बघायचं." मी म्हटलं, मी घड्याळ नाही. तर म्हणतात, "तेच तर. घड्याळ असतीस तर मीच उघडलं असतं." असा हा माणूस.

तुमच्या छापखान्यात पाळीवरची ती पुस्तिका निघाली म्हणालीस, त्याच्या थोड्या प्रती पाठव ना. पोरींना द्यायच्या आहेत. त्यातली एक समजते की पाळीतलं रक्त म्हणजे महिनाभराचं खराब रक्त साठून बाहेर पडतं. मी तिला नाही म्हटलं, पण मग काय असतं ते मलाही धड सांगता येईना. अडतीस वर्षं आपण जे करतोय ते काय आहे हेच माहीत नाही, कमाल आहे.

तुझी ठकू

---

१७ जानेवारी

ठकू,

बुचाच्या प्रश्नावर तू निर्लज्ज आहेस हे नोंदवून पुढे जाते.

सोबत वीस प्रती. ही पुस्तिका मी चार वेळा वाचली आहे, म्हणजे या विषयावर मी आता ती लिहिणाऱ्या डॉक्टरीणबाईंइतकीच अधिकारी आहे, फक्त माझ्याकडे दवाखाना नाही. तुला शिंपिणीच्या भाषेत सांगते. गर्भाशयाला आतून अस्तर असतं, हे तुझ्या ओळखीचं खातं. रक्त दिसतं तो दिवस पहिला धरायचा. चार-पाच दिवस जुनं अस्तर उसवून बाहेर जातं; ते खराब रक्त नव्हे, न वापरलेलं कापड. ते जातंय तोच इकडे बीजकोशात एक बीज पिकायला लागतं आणि त्याच्या हुकमाने नवं अस्तर भरायला सुरुवात होते. या दिवसांत बाई बरी असते, लोकांशी नीट बोलते. मग बीज सुटतं. सगळ्यांना वाटतं ते नेमकं चौदाव्या दिवशी सुटतं. तसं नाही. पुढच्या पाळीच्या साधारण चौदा दिवस आधी सुटतं. चक्र लांबलं तर लांबतो तो आधीचा भाग. आणि शेवटचा टप्पा वाट बघण्याचा. अस्तर तयार, पाहुणा येतोय का बघायचं. या दिवसांत छाती दुखते, पोट फुगतं, आणि नवऱ्याच्या जेवण्याचा आवाज ऐकू यायला लागतो. पाहुणा आला नाही की हुकूम मागे घेतला जातो आणि अस्तर पुन्हा उसवतं.

आता तुझ्या वयाचं. बीज कधी सुटतं, कधी दांडी मारतं. दांडी मारली की अस्तराला 'पुरे' म्हणणारं कुणी राहत नाही, ते वाढत बसतं आणि एक दिवस एकदम कोसळतं. म्हणून उशीर आणि म्हणून धो धो. तेव्हा तुझ्या घड्याळवाल्यांना सांग, बायका स्क्रू फिरवून उघडत नाहीत. जगातल्या प्रत्येक गोष्टीला मागून झाकण असतं अशी या माणसाची समजूत आहे.

पुस्तिकेची छपाई बघ कशी देखणी झालीय. बत्तीस पानांची, म्हणजे सोळा-सोळा पानांच्या दोन फर्म्यांची. शेवटच्या पानावर दोन ओळी उतू जात होत्या आणि दोन ओळींसाठी कुणी तिसरा फर्मा लावत नाही. डॉक्टरीणबाई परगावी. मॅनेजर म्हणाले, "बाई, तुमच्या कात्रीने बघा काहीतरी." अशा सफाईने छाटल्या की डॉक्टरीणबाईंनाही आल्यावर पत्ता लागला नाही. याला म्हणतात कसब.

ताई

---

२ मार्च

प्रिय ताई,

पुस्तिका सगळ्यांना दिल्या. ती खराब रक्तवाली पोर मधल्या सुट्टीत मोठ्यांदा वाचत होती आणि बाकीच्या ऐकत होत्या. मालक आत आले तर म्हणाले, "काय चाललंय?" ती म्हणाली, "अस्तराचा अभ्यास." मालक खूश होऊन गेले.

मी पण वाचली, पहिल्यापासून शेवटपर्यंत, दोनदा. तुझ्या पत्रापेक्षा सोपी आहे, टोमणे नाहीत म्हणून असेल. एकतिसाव्या पानावर 'पन्नाशीच्या आसपास पाळी अनियमित होणे स्वाभाविक आहे' असं आहे, त्याखाली मी पेन्सिलीने रेघ मारून ह्यांच्या टेबलावर ठेवली. त्यांनी वाचली आणि विचारलं, "यापुढे काय लिहिलंय?" मी म्हटलं, यापुढे आभार लिहिलेत. खरंच, पुढच्या पानावर केवढे आभार आहेत! कागदवाल्यापासून उद्घाटन करणाऱ्यापर्यंत.

माझं चाललंय तसंच. आता दर दोन-तीन आठवड्यांनी येते. कधी भरपूर, कधी नुसतं गुलाबी पाणी. परवा खुर्चीवर डाग पडला, मीच पुसला. जरा थकवा येतो, जिना चढताना मधल्या पायरीवर थांबते आणि कुणी बघितलं तर चप्पल नीट करत असल्यासारखं करते. लोह कमी असेल. गूळ खातेय.

बूच उत्तम काम करतंय.

ठकू

---

१० मार्च

ठकू,

तुझ्या पत्रातलं गुलाबी पाणी मला आवडलं नाही. एक विचारते, थट्टा बाजूला ठेवून उत्तर दे. जानेवारीत आली त्याच्या आधी मध्ये किती महिन्यांचा खंड होता? नीट आठवून सांग. तुझं ते पाळीच्या फुल्यांचं खडूचं दप्तर आहे ना अजून, कपाटाच्या दाराच्या आतल्या बाजूचं? त्यात बघ.

आणि एकदा दाखवून ये. न जाण्यासारखं काही कारण नाही. डॉक्टर काय खाणार आहे तुला? वजन पाहून त्यालाच धास्ती वाटेल.

ताई

---

१४ मार्च

ताई,

किती मागे लागतेस. दोनेक महिन्यांचा असेल. दप्तर आहे, पण त्यात काय बघायचंय?

गणवेशांचा हंगाम संपला की जाते दाखवायला. तोवर कुणाला वेळ आहे! घाईत आहे, मोठं पत्र नंतर.

ठकू

---

२८ जून

ताई,

सा. न.

मी सहसा पत्र लिहीत नाही, सवय नाही. चूकभूल असेल तर तुमच्या पद्धतीने दुरुस्त करून वाचा.

तुमची बहीण सोमवारी दुकानात टेबलाशीच खाली बसली. पोरींनी रिक्षात घालून दवाखान्यात नेलं. रक्त फार गेलं होतं, दोन बाटल्या चढवल्या. आतला तुकडा तपासायला पाठवला होता, त्याचा निकाल काल आला. गर्भाशयाचा कॅन्सर आहे. गर्भाशय काढणार, आणि शेजारच्या गाठींतही गेल्याचा संशय आहे, ते उघडल्यावर कळेल. डॉक्टर म्हणाले, पहिला डाग दिसला तेव्हा आला असतात तर बहुतेक नुसत्या ऑपरेशनवर भागलं असतं.

त्यांनी मला विचारलं, पाळी कधी बंद झाली होती? मी म्हटलं बंद झाली होती एवढं मला माहीत आहे, तारीख माहीत नाही. म्हणून घरी येऊन कपाट उघडलं. ते दार मी लग्नानंतर कधी उघडून पाहिलं नव्हतं, बायकांचं खातं म्हणून. आत शिंप्याच्या खडूने महिन्यांच्या ओळी आहेत. प्रत्येक महिन्यापुढे फुल्या. खाली येता येता फुल्या विरळ होतात. मग चौदा महिने काही नाही. महिन्यांची नावं लिहिली आहेत, पुढे रिकामं. चौदा वेळा मोजलं. मग जानेवारीत पुन्हा फुली, मोठी, आणि भोवती गोल केलेला.

मला वाटलं होतं तुम्हाला हे ठाऊक आहे. दोघी बहिणी रोज भेटत असल्यासारख्या लिहीत होतात.

मी म्हटलं होतं उघडून बघू म्हणून. पण मी म्हटलं आणि पुन्हा कामाला लागलो. त्याला म्हटलं असं म्हणत नाहीत.

ऑपरेशन गुरुवारी आहे. लगेच येऊ नका असं ती सांगते. तिला टाके निघाल्यावर भांडायला ताकद हवी आहे म्हणते.

आपला,
घड्याळवाला

---

३ जुलै

ठकू,

ऑपरेशन झालं, शुद्धीवर आलीस, डाळीचं पाणी घेतलंस आणि नर्सच्या बाहीची शिवण वाकडी आहे असं तिला सांगितलंस, एवढी बातमी मला मिळाली. गाठींचंही कळलं. साखरेत घोळून बोलायला मला येत नाही, म्हणून जे लिहायचं ते लिहिते. तुला वाचायचं नसेल तर घडी घालून ठेव.

चौदा महिने. मी विचारलं तेव्हा तू दोनेक म्हणालीस. नाताळात माझ्या घरात बसून 'अगदी नियमित आहे गं' म्हणाली होतीस. त्यावर मी आत्ता रागावणार होते. पत्राचा तेवढा भाग लिहूनही काढला होता, चांगला जमलाही होता. मग कपाटातून पुस्तिकेची जुनी प्रुफं काढली आणि तो फाडला.

त्या उतू जाणाऱ्या दोन ओळी, ज्या मी कसबाने छाटल्या, त्या अशा होत्या:

'पाळी सलग बारा महिने थांबल्यानंतर पुन्हा रक्त दिसले, अगदी एक थेंब, तर ती पाळी नव्हे. त्याच आठवड्यात डॉक्टरांना दाखवा.'

मी का छाटल्या तेही सांगते. पान बत्तीस. वर या दोन ओळी, खाली चौदा आभार. आभारातलं एकही नाव काढता येत नव्हतं. कागदवाला रुसला असता, उद्घाटक रुसले असते, मॅनेजरांच्या साडूंचं नाव तर मी स्वतः मोठ्या टाइपात घेतलं होतं. रुसणार नाही असं त्या पानावर फक्त एकच होतं. मला आठवतंय, मी असाही विचार केला की ही पुस्तिका मुलींसाठी, हे म्हाताऱ्यांचं वाक्य कोण वाचणार. माझं वय त्या दिवशी त्रेपन्न होतं.

तू पुस्तिका दोनदा वाचलीस. शेवटपर्यंत वाचलीस.

तुझ्या नवऱ्याला मी झाकणवाला म्हणाले होते. त्यांची माफी मी त्यांच्या पत्रात वेगळी मागते आहे.

ताई

---

१६ जुलै

ताई,

हे पत्र ह्यांच्या हातचं आहे, मी सांगते आणि ते लिहितात. मध्ये काही त्यांनी स्वतःच्या पदरचं घातलं तर ओळखशील, त्यात स्क्रू असेल.

तुला वाटत असेल की मी लिहीन, जाऊ दे ताई, तुझा काय दोष. नाही लिहीत. ती ओळ असती तर मी वाचली असती. वाचून काय केलं असतं? मला माहीत नाही. कदाचित पान उलटून ठेवलं असतं. पण ह्यांनी 'पुढे काय लिहिलंय' विचारलं होतं, आणि ती तिथे असती तर ह्यांनी वाचली असती, आणि मला धरून नेलं असतं. (होय. नेलं असतं.) हा कंस त्यांचा आहे.

मी खोटं बोलले कारण तू सुटलीस तेव्हा माझ्याकडे असं बघितलं होतंस, जसं परीक्षेचा पेपर आधी देऊन बाहेर पडलेली मुलगी आतल्या मुलीकडे बघते. मला बाहेरच्या त्या बाकावर तुझ्या शेजारी इतक्यात यायचं नव्हतं. जानेवारीत फुली मारली तेव्हा भोवती गोल केला तो आनंदाने. आता सगळं काढून टाकलंय आणि मी तुझ्याच बाकावर आहे. सरक जरा.

किरणांचे पंचवीस दिवस ठरलेत. त्यानंतर बघू म्हणतात. 'बघू' हा शब्द डॉक्टर लोक फार हळू उच्चारतात.

पण मी लिहायला घेतलं ते यासाठी. ती खराब रक्तवाली पोर काल आली होती. म्हणाली, "मावशी, माझी आई पुस्तिका वाचून म्हणाली, बघ, या वयात असं होतंच. तिला दोन वर्षांनी परत आलीय." मी तिला आल्या पावलीच घरी पाठवलं, आईला घेऊन दवाखान्यात जा म्हणून. पण ती एक. तू वीस मला दिल्यास. बाकीच्या किती छापल्यात, ताई? त्या कुठे आहेत?

सोबत बूच पाठवतेय. तुझंच असेल. मला आता शेकायला मनाई आहे.

ठकू

---

९ ऑगस्ट

ठकू,

बूच मिळालं. तू हार मानलेली मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिली आणि पाकीट हातात धरून छापखान्याच्या जिन्यात बसले. मॅनेजरांना वाटलं मला चक्कर आली. मी म्हटलं, नाही, चप्पल नीट करतेय.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर. तीन हजार छापल्या. अठराशे वाटून झाल्या होत्या, बाराशे गोदामात. वाटलेल्या ज्या शाळांना आणि दवाखान्यांना गेल्या त्या सगळ्यांची यादी काढून मी एकेकाला पत्र टाकलं, पत्रासोबत जितक्या प्रती तितक्या, त्या दोन ओळी छापलेल्या चिठ्ठ्या. डॉक्टरीणबाईंना जाऊन समोर सांगितलं. त्यांनी जुनं प्रूफ आणि छापील पान शेजारी ठेवून पाहिलं. मग विचारलं, "तुम्हाला कसं कळलं?" मी म्हटलं, माझ्या बहिणीने शेवटपर्यंत वाचली.

मॅनेजर म्हणाले, "बाई, चिठ्ठी लावायला पानावर जागा कुठे आहे?" मी म्हटलं, आहे. बाराशे प्रतींत चिठ्ठी मी स्वतः चिकटवली, जेवणाच्या सुट्टीत आणि रविवारी. बोटांना अजून खळ आहे. आभाराचं पान आता कुणाला दिसत नाही. मॅनेजरांचे साडू रुसले आहेत.

बूच माझ्या पिशवीला चारही वेढे बसतं. थेंब गळत नाही. तरी परत पाठवते आहे. शनिवारी मी येतेय आणि तुझ्याशी भांडायला घरात काहीतरी असायला हवं. माफीच्या पत्राच्या उत्तरात घड्याळवाल्यांनी एकच ओळ लिहिली होती, 'येताना तुमचं घड्याळ आणा, मागे पडतं असं ऐकलं.' आणते आहे.

अठराशेमध्ये तुझ्या वीसही धरल्या होत्या; पोरींच्या एकोणीस चिठ्ठ्या दुकानाच्या पत्त्यावर गेल्या, तुझी टपालाने पाठवायची राहिली. सोबत आहे. बत्तिसाव्या पानावर लाव, पेन्सिलीने रेघ मारलेल्या पानाच्या पाठीवर. मागे डिंक लावून वाळवला आहे. ओलं बोट फिरवलंस की बसेल.

ताई